कला वाचली, कलावंतिणींचे काय?

धर्म आणि नीती यांच्या नावाने एखादी कला निषिद्ध ठरते, तेव्हा चर्चा होते ती समाजाच्या पावित्र्याची. त्या कलेवर ज्यांची चूल पेटत होती, त्यांचा हिशेब सहसा मांडला जात नाही. तामिळनाडूतील देवदासींच्या नृत्याचा इतिहास या दृष्टीने तपासण्याजोगा आहे.

‘सदिर’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या नृत्याचा प्रयोगक्रम तंजावरच्या मराठी दरबारात घडला. दुसऱ्या सरफोजीराजांच्या आश्रयास असलेल्या चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् व वडिवेलू या चार बंधूंनी तो बांधून दिला. नाचणाऱ्या होत्या देवदासी. देवळाची सेवा, तिच्या मोबदल्यात इनाम जमीन आणि मुलीकडे जाणारा वारसा, अशी त्यांची अर्थव्यवस्था होती.

या व्यवस्थेची दुसरी बाजू काळी होती. अजाण मुली देवाला वाहिल्या जात आणि पुढे धनिकांच्या मर्जीवर जगत. डॉ. मुथुलक्ष्मी रेड्डी यांनी याविरुद्ध मद्रासच्या विधिमंडळात उठविलेला आवाज सर्वथा न्याय्य होता. परंतु १९४७ च्या मद्रास कायद्याने मुली वाहण्याची चाल बंद करतानाच, देवळात व देवाच्या मिरवणुकीत स्त्रियांनी नाचणेही बेकायदा ठरविले. अन्याय आणि कला यांना एकच शिक्षा झाली.

वस्तुतः तोवर तेच नृत्य ‘भरतनाट्यम्’ या नव्या नावाने प्रतिष्ठित होऊ लागले होते. १९३६ साली रुक्मिणीदेवी अरुंडेल यांनी कलाक्षेत्राची स्थापना केली. त्यांना प्रारंभीचे धडे दिले होते मैलापूरच्या गौरी अम्माळ या देवदासीनेच. उच्चवर्णीय घरांतील मुली निःसंकोचपणे नाचू लागल्या. म्हणजे नीतीचा खरा आक्षेप नृत्यापेक्षा नाचणारीवर होता!

बालसरस्वती या त्याच परंपरेतल्या. १९७३ साली मद्रासच्या संगीत अकादमीने त्यांना ‘संगीत कलानिधी’ या पदवीने गौरविले. तथापि एका गौरवाने साऱ्यांचे नुकसान भरून निघत नाही. बालपणापासून कमावलेले कौशल्य हेच या स्त्रियांचे भांडवल होते. त्यांच्या हाती ते कवडीमोल झाले आणि दुसऱ्यांच्या हाती त्याचे मोल वाढले.

सुधारणा नकोत, असा याचा अर्थ नव्हे. अनिष्ट चाल मोडताना तिच्यात अडकलेल्यांना पर्यायी व्यासपीठ व उपजीविका देणे, हे सुधारणेचेच अंग आहे. कलेवर बंदी मागणाऱ्यांनी प्रथम या खर्चाची तरतूद सांगावी.