मॉरिस डॉब : भांडवलशाहीच्या उगमाचा प्रश्न

युरोपातील सरंजामशाही कशामुळे मोडली, या प्रश्नाचे एक सोपे उत्तर दीर्घकाळ प्रचलित होते. व्यापार वाढला, पैसा खेळू लागला, नगरे उभी राहिली आणि त्या रेट्यापुढे जहागिरीची स्वयंपूर्ण अर्थव्यवस्था टिकू शकली नाही. बेल्जियन इतिहासकार आंरी पिरेन यांच्या लेखनाने या उत्तराला भारदस्तपणा आणला होता. केंब्रिजचे अर्थशास्त्रज्ञ मॉरिस डॉब यांचा ‘स्टडीज इन द डेव्हलपमेंट ऑफ कॅपिटॅलिझम’ हा ग्रंथ १९४६ मध्ये प्रसिद्ध झाला आणि या उत्तरातील मोठी अडचण अभ्यासकांसमोर आली. सोळाव्या शतकात पोलंड व एल्ब नदीच्या पूर्वेकडील प्रदेशांतून पश्चिम युरोपकडे होणारी धान्याची निर्यात वाढली. तेथे बाजारपेठ होती, पैसा होता, दूरदेशीचा व्यापार होता. तरीही तेथील कुळे मुक्त झाली नाहीत. उलट जमीनदाराच्या शेतावर वेठीने राबण्याची सक्ती अधिक कडक झाली. एंगेल्स यांनी ज्याला ‘दुसरे भूदासत्व’ म्हटले ते हेच. व्यापाराच्या वाढीबरोबर पश्चिमेस बंधने सैल होत असतील आणि पूर्वेस ती आवळली जात असतील, तर व्यापार हे पुरेसे कारण नव्हे. तो ज्या समाजात शिरतो त्या समाजाच्या अंतर्गत घडणीतच कारण शोधावे लागते.

डॉब यांच्या साऱ्या मांडणीचे मर्म या एका उदाहरणात आहे. तौलनिक साहित्याच्या अभ्यासकाला ते ओळखीचे वाटावे, कारण ‘प्रभाव’ या संकल्पनेभोवती घोटाळणारा त्याचा स्वतःचा प्रश्नही नेमका असाच आहे.

डॉब यांचा जन्म २४ जुलै १९०० रोजी लंडन येथे झाला. किशोरवयातच मातृवियोग घडला आणि एकलकोंडा झालेला हा मुलगा अद्भुतरम्य कथा लिहू लागला. पुढे केंब्रिजच्या पेम्ब्रोक महाविद्यालयात अर्थशास्त्राचे शिक्षण, लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये डॉक्टरेट आणि १९२४ मध्ये अध्यापक म्हणून केंब्रिजला पुनरागमन, असा त्यांचा प्रवास झाला. विशीच्या आरंभीच ते ब्रिटिश कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले आणि अखेरपर्यंत राहिले. केन्स यांच्या संपादनाखालील मालेत त्यांचे वेतनविषयक पुस्तक १९२८ मध्ये निघाले. परंतु त्यांना प्राध्यापकपद कधीच मिळाले नाही. ट्रिनिटी महाविद्यालयाचे सदस्यत्व १९४८ मध्ये लाभले, तर ‘रीडर’ हे पद १९५९ मध्ये. पिएरो स्राफा यांनी संपादित केलेल्या रिकार्डोच्या समग्र वाङ्मयाचे पहिले दहा खंड १९५१ ते १९५५ या काळात बाहेर पडले, त्यामागे डॉब यांचे मोठे साहाय्य होते. वर्षानुवर्षे रखडलेले ते काम त्यांच्या सहभागानंतरच मार्गी लागले. दुसऱ्याच्या कामासाठी इतके झिजणारे विद्वान विरळाच.

भांडवलशाही म्हणजे काय, येथूनच ग्रंथाचा आरंभ होतो. झोम्बार्ट व वेबर यांच्या परंपरेत ती एक मनोवृत्ती आहे. इतर काहींच्या मते दूरच्या बाजारासाठी नफ्याच्या हेतूने चालणारा व्यवहार म्हणजे भांडवलशाही. या दोन्ही व्याख्या डॉब नाकारतात, कारण त्या स्वीकारल्या तर भांडवलशाही जवळजवळ प्रत्येक युगात सापडते आणि तिचा इतिहास लिहिण्याचे प्रयोजनच उरत नाही. त्यांच्या दृष्टीने ती एक उत्पादनपद्धती आहे. श्रमशक्ती हीच विक्रेय वस्तू होते आणि उत्पादनाची साधने थोड्यांच्या हाती एकवटतात, तेव्हाच तिचा आरंभ मानावा. सरंजामशाहीचे सार त्यांना भूदासत्वात दिसते. सरदारवर्गाची उत्पन्नाची गरज वाढत गेली, तिचा भार कुळांवर पडला, कुळे जमीन सोडून पळू लागली, आणि व्यवस्था आतून खचली. व्यापाराने या प्रक्रियेला गती दिली, हे डॉब मान्य करतात. तो तिचा जनक होता, हे नाही.

मार्क्सच्या ‘कॅपिटल’च्या तिसऱ्या खंडात संक्रमणाच्या दोन वाटांचा निर्देश आहे. पहिल्या वाटेने उत्पादक स्वतःच व्यापारी व भांडवलदार बनतो. दुसरीत व्यापारी उत्पादनावर ताबा मिळवतो, पण जुनी पद्धत तशीच ठेवतो. डॉब यांनी ही त्रोटक नोंद सतराव्या शतकातील इंग्लंडच्या इतिहासाला लावून पाहिली. मक्तेदारीच्या सनदा मिळवलेले बडे व्यापारी त्यांना जुन्या व्यवस्थेचे आश्रित दिसले, तर परिवर्तनाची शक्ती लहान उत्पादकांच्या थरांतून वर आलेल्यांत आढळली. ‘उदयोन्मुख मध्यमवर्ग’ हे नाव घेऊन कोणत्याही शतकातील कोणत्याही वाङ्मयप्रकाराचा उगम सांगण्याची जी सवय साहित्येतिहासकारांना जडली आहे, तिला येथे चांगलाच चाप बसतो. कोणता मध्यमवर्ग? सनदेवर जगणारा की त्या सनदेविरुद्ध उभा राहणारा? इअन वॉट यांच्या ‘द राइज ऑफ द नॉव्हेल’ (१९५७) या ग्रंथाचे वाचनही हा प्रश्न मनाशी ठेवून करावे.

अमेरिकन अर्थशास्त्रज्ञ पॉल स्वीझी यांनी १९५० मध्ये ‘सायन्स अँड सोसायटी’ या नियतकालिकात डॉब यांना आव्हान दिले. सरंजामी व्यवस्था मुळात स्थितिशील होती. तिला हलवणारी शक्ती बाहेरूनच, म्हणजे व्यापारातूनच आली, असे त्यांचे म्हणणे. त्यांचा दुसरा आक्षेप अधिक बोचरा होता. भूदासत्व चौदाव्या शतकात ढासळले आणि भांडवलशाही सोळाव्याच्या उत्तरार्धात दिसू लागली, तर मधल्या दोन शतकांना काय म्हणावे? डॉब यांचे उत्तर असे, की बंधने सैल झाली तरी सत्ता सरंजामीच होती. हे उत्तर पूर्ण समाधान करीत नाही. जपानचे कोहाचिरो ताकाहाशी या वादात उतरले आणि प्रशिया व जपान येथील संक्रमण दुसऱ्या, म्हणजे वरून लादलेल्या वाटेने झाले, असे दाखवून त्यांनी चर्चेला युरोपाबाहेर नेले.

भारतात या वादाचे पडसाद उमटणे स्वाभाविक होते. डॉब यांनी दिल्ली स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये आर्थिक विकासावर दिलेली तीन व्याख्याने १९५१ मध्ये पुस्तकरूपाने आली. १९५३ मध्ये ट्रिनिटीत दाखल झालेले अमर्त्य सेन हे त्यांचे विद्यार्थी. मात्र खरा संबंध इतिहासलेखनातला आहे. रामशरण शर्मा यांनी भारतीय सरंजामशाहीची सांगड व्यापार व नगरांच्या ऱ्हासाशी घातली. तिच्यात पिरेन यांच्या विचाराची छाया दिसते. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९५६ च्या ग्रंथात ‘वरून’ आणि ‘खालून’ आलेल्या सरंजामशाहीचा भेद केला. इरफान हबीब यांनी १९६९ मध्ये दाखवले, की मुघलकालीन व्यापारी भांडवल विपुल असूनही ते शेतीतील वरकड उत्पन्न ओढून घेणाऱ्या व्यवस्थेवरच पोसले जात होते. पैसा आहे, बाजार आहे, हुंडी आहे; तरी भांडवलशाही नाही.

मराठी कादंबरीविषयीही असा विचार करता येईल. ती इंग्रजी कादंबरीच्या प्रभावातून जन्मली, हे विधान आपल्या वाङ्मयेतिहासांत रूढ आहे. परंतु हरि नारायण आपटे यांनी ‘मधली स्थिती’ (१८८५) रेनॉल्ड्सच्या आधारे लिहिली आणि काही वर्षांतच ‘पण लक्षात कोण घेतो!’ ‘करमणूक’मधून क्रमशः येऊ लागली. लेखक एकच आणि इंग्रजी कादंबरीचा सहवासही तोच. दुसरी कृती निराळी झाली ती पुण्यातील घरांत स्त्रीच्या वाट्याला आलेल्या जिण्यामुळे आणि त्यावर पेटलेल्या वादामुळे. प्रभाव होताच, त्याला दिशा दिली ती मात्र येथील संघर्षाने. अर्थात डॉब यांच्या सूत्राचा हा विस्तार आहे, त्यांचे प्रतिपादन नव्हे.

या दृष्टीची मर्यादाही तिच्या आग्रहातूनच आली आहे. कारण ‘आत’ शोधताना ‘आत’ची सीमा इंग्लंडच्या किनाऱ्याशी थांबते. वसाहतींच्या लुटीचे उल्लेख ग्रंथात आहेत, पण कथानक इंग्लंडचेच राहते. दादाभाई नौरोजींच्या संपत्ती-अपहाराच्या विवेचनाशी परिचित असलेल्या वाचकाला हे खटकल्यावाचून राहत नाही. सोव्हिएत रशियाच्या आर्थिक इतिहासावर डॉब यांनी परिश्रमपूर्वक लिहिले. परंतु इंग्लंडमधील कुळाच्या सक्तीकडे पाहणारी त्यांची तीक्ष्ण नजर तेथील सामूहिक शेतीच्या सक्तीकडे वळताना सौम्य होते.

डॉब यांचे निधन १७ ऑगस्ट १९७६ रोजी झाले. त्याच वर्षी रॉडनी हिल्टन यांच्या प्रस्तावनेसह संक्रमणविषयक वादाचा संग्रह पुस्तकरूपाने आला, आणि ‘पास्ट अँड प्रेझेंट’मध्ये रॉबर्ट ब्रेनर यांचा बहुचर्चित निबंध प्रसिद्ध झाला. ब्रेनर यांनी कारण वर्गसंबंधांतच शोधले. तथापि, १९७८ मध्ये खास डॉब यांच्यावर लिहिताना त्यांनी एक कच्चा दुवा नेमका हेरला. बंधने सुटली की लहान उत्पादक आपोआप भांडवलदार होईल, असे डॉब गृहीत धरतात. पण पोटापुरते पिकवून सुरक्षित राहता येत असताना शेतकऱ्याने बाजाराच्या स्पर्धेत का उतरावे? व्यापाराला पुरेसे कारण न मानणाऱ्या डॉब यांच्याकडे या प्रश्नाचे उत्तर नव्हते.