नसण्याचे शास्त्र

समोरच्या फरशीवर घडा नाही. हे आपल्याला कशाने कळते? डोळ्यांनी, असे आपण चटकन म्हणू. पण डोळ्यांना फरशी दिसते, तिच्यावरची धूळ दिसते. घड्याचे नसणे कुठे दिसते? त्याला ना रंग, ना आकार. एवढ्याशा या प्रश्नावर न्यायदर्शनाचे नैयायिक आणि मीमांसादर्शनाचे मीमांसक शतकानुशतके वाद घालत राहिले, आणि त्या वादातून नसण्याचे एक अख्खे शास्त्र उभे राहिले. त्याचे नाव अभावविचार. न्यायशास्त्र शिकणाऱ्या प्रत्येक विद्यार्थ्याला आजही या फरशीवरून आणि या घड्यावरून जावे लागते.

न्यायाच्या जोडीच्या वैशेषिक दर्शनाने जगातल्या सगळ्या गोष्टींची वर्गवारी केली. प्रशस्तपादाच्या ग्रंथात सहा पदार्थ आहेत: द्रव्य, गुण, कर्म, सामान्य, विशेष आणि समवाय. पुढे शिवादित्याने ग्रंथ लिहिला तेव्हा त्याचे नावच 'सप्तपदार्थी' ठेवले. सातवा पदार्थ अभाव. म्हणजे पृथ्वी, पाणी, वजन, हालचाल जितकी खरी, तितकेच एखाद्या गोष्टीचे नसणेही खरे. हे पाऊल फार धाडसाचे होते. प्राभाकर शाखेच्या मीमांसकांना ते मुळीच मान्य नव्हते. त्यांचे म्हणणे साधे होते: रिकामी फरशी दिसली, विषय संपला, वर आणखी 'अभाव' कशाला? नैयायिक विचारत, घडा ठेवलेला असतानाही फरशी तीच असते ना? मग 'रिकामी' म्हणताना तुम्ही तिच्यात काय जास्तीचे पाहिलेत?

दुसऱ्या, भाट्ट शाखेच्या मीमांसकांनी अभाव मानला, पण तो डोळ्यांनी कळतो हे नाकारले. सकाळी देवळात जाऊन आलेल्या माणसाला दुपारी कोणी विचारले, 'अमका तिथे होता का?' तर तो आठवून म्हणतो, 'नव्हता.' सकाळी त्याच्या मनात हा प्रश्नच नव्हता, आणि आता देऊळ डोळ्यांसमोर नाही. तेव्हा नसणे कळण्याचे साधन वेगळेच असले पाहिजे. त्यांनी त्याला अनुपलब्धी, म्हणजे न आढळणे, म्हटले. नैयायिकांनी हे स्वतंत्र प्रमाण मानले नाही, पण त्यातली एक अट उचलली: जी वस्तू असती तर नक्की दिसली असती, तिचेच न दिसणे म्हणजे तिचे नसणे. फरशीवर घडा नाही असे पाहून सांगता येते. फरशीवर पिशाच नाही, असे पाहून सांगता येत नाही. 'तपासणीत काही आढळले नाही' असा अहवाल हातात पडतो, तेव्हा त्या तपासणीत ते आढळण्याजोगे होते का, हा प्रश्न मला या अटीने शिकवला.

या शास्त्राचा कणा म्हणजे प्रतियोगी. नसणे नेहमी कशाचे तरी असते. ज्याचे नसते तो प्रतियोगी. आणि ते कुठेतरी असते. जिथे असते तो अनुयोगी. निव्वळ, मोकळे, कशाचेच नसलेले शून्य नैयायिकाच्या जगात नाही. घड्याचा अभाव वेगळा, वस्त्राचा वेगळा, एकाच फरशीवर दोन्ही एकदम नांदू शकतात. काळाच्या अंगानेही भेद आहेत. घडा घडण्यापूर्वीचा तो प्रागभाव: त्याला सुरुवात नाही, शेवट आहे. घडा फुटल्यावरचा तो प्रध्वंसाभाव: त्याला सुरुवात आहे, शेवट नाही. वाऱ्यात रंग नसतो, हा अत्यंताभाव. घडा म्हणजे वस्त्र नव्हे, हा अन्योन्याभाव.

आता खरी गंमत. नैयायिकांनी अभावाला कारणांच्या पंगतीत बसवले. घड्याच्या कारणांत माती आली, कुंभार आला, चाक आले आणि घड्याचा प्रागभावही आला. झालेला घडा पुन्हा का घडत नाही? कारण त्याचा प्रागभाव उरलेला नसतो.

त्याहून रंगलेला वाद अग्नीचा. एक मणी जवळ ठेवला की अग्नी जाळत नाही, अशी त्या काळची समजूत होती. मीमांसक म्हणत, अग्नीत दाहशक्ती नावाची वेगळी चीज आहे. मणी तिला मारतो. नैयायिकांनी ती अदृश्य शक्ती साफ नाकारली. त्यांच्या मते जळण्याला जसा अग्नी लागतो, तसाच मण्याचा अभावही लागतो. मीमांसकांनी पेच टाकला: दुसरा, उत्तेजक मणी आणला तर पहिला मणी असतानाही जळते, त्याचे काय? 'मुक्तावली' या न्यायग्रंथात उत्तर आहे: उत्तेजक नसताना असणारा जो प्रतिबंधक मणी, त्याचा अभाव हे कारण. नसण्याच्या पोटात नसणे! मण्याची कथा बाजूला ठेवा; ज्या शक्तीचा दुसरा पुरावा नाही ती मानण्यापेक्षा अडथळ्याच्या नसण्याचा हिशेब नीट मांडावा, हा आग्रह मला आजही शास्त्रीय वाटतो.

मग अभावाचा अभाव म्हणजे काय? घड्याच्या अभावाचा अभाव म्हणजे घडाच, असे जुने मत. सोळाव्या शतकाच्या सुमाराला नवद्वीपच्या रघुनाथ शिरोमणीने ते मोडले: नसण्याचे नसणे म्हणजे असणे नव्हे, ती वेगळीच गोष्ट, मात्र तिसरा अभाव पुन्हा पहिल्याशी एकरूप होतो. विसाव्या शतकात डच गणिती ब्राउवर याने आपल्या तर्कशास्त्रात तिहेरी नकार एकेरी नकाराएवढाच असतो, हे दाखवले. दुहेरी नकार मात्र होकाराएवढा नसतो. दोघांच्या वाटा निराळ्या, पण रघुनाथाचा विचार लहरीचा नव्हता एवढे यातून नक्की दिसते.

अर्धवाहकांच्या भौतिकशास्त्रातही मला प्रतियोगी भेटतो. तिथे इलेक्ट्रॉनच्या रिकाम्या जागेला 'होल' म्हणतात. ती सरकते, वीज वाहते, आणि ऋण भाराचा इलेक्ट्रॉन नसल्यामुळे ती धन भाराची ठरते. तिचा गुण ठरतो तो कशाचे नसणे आहे यावरून.

या शास्त्राचे अंतिम ध्येयही एक अभावच आहे. न्यायदर्शनात मोक्ष म्हणजे आनंदाचा साठा नव्हे. दुःखाचा कायमचा नाश. प्रध्वंसाला शेवट नसतो, म्हणून मिळवलेला मोक्ष परत जात नाही. फुटलेल्या घड्याचा नियम इथे माणसाच्या सुटकेची हमी होतो.

महाराष्ट्राने या विद्येची मोठी सेवा केली आहे. भीमाचार्य झळकीकरांचा 'न्यायकोश' वासुदेवशास्त्री अभ्यंकरांनी सुधारला आणि पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेने 1928 मध्ये छापला. अन्नंभट्टाचा 'तर्कसंग्रह' आठल्ये आणि बोडस यांच्या टिपांसह 1897 मध्ये मुंबईत निघाला. 'तर्कसंग्रह' मुळात नवशिक्यांसाठीच लिहिलेला आहे आणि अगदी लहान आहे. शाळेत थोडेफार संस्कृत शिकलेल्या प्रत्येकाने जाणकाराजवळ बसून तो एकदा वाचावा, आणि सातव्या पदार्थापाशी आल्यावर घाई करू नये.