हंसा वाडकर : भूमिका आणि जीवन

श्रोतेहो, रतन साळगावकर हे नाव आपणांपैकी थोड्यांच्याच कानांवरून गेले असेल. आडनाव मात्र आमच्या कुडाळ-सावंतवाडीकडच्या माणसाला परके नाही. हीच रतन पुढे हंसा वाडकर या नावाने महाराष्ट्रात विख्यात झाली. तिच्या कारकीर्दीविषयी आज चार शब्द सांगावयाचे आहेत.

हंसाबाईंचा जन्म १९२३ सालचा. १९३६ साली ‘विजयाची लग्ने’ या बोलपटातून त्या प्रथम पडद्यावर आल्या. म्हणजे वय अवघे तेरा वर्षांचे! ज्या वयात मुलीच्या हाती पाटी-पुस्तक असावयाचे, त्या वयात घरच्या चरितार्थाचा भार तिच्या शिरावर येऊन पडला. १९३९ साली बॉम्बे टॉकीजच्या ‘नवजीवन’ या हिंदी बोलपटात त्या नायिका झाल्या. त्याचे दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन हे जर्मन गृहस्थ होते.

१९४१ साली प्रभातच्या ‘संत सखू’मध्ये त्यांनी सासुरवास सोसणारी विठ्ठलभक्त सखू उभी केली; आणि १९४७ साली राजकमलच्या ‘लोकशाहीर रामजोशी’त तमाशातील बया रंगविली. एक भूमिका भक्तीची, दुसरी शृंगाराची; तथापि प्रेक्षकांनी दोहोंचेही सारखेच कौतुक केले. त्यांच्या अभिनयाचे सामर्थ्य यावरूनच ध्यानी यावे. पुढे १९५९ साली अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ निघाला. पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात तो १३१ आठवडे चालला.

याच नावाने हंसाबाईंचे आत्मकथन १९७० साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले. त्याचे शब्दांकन अरुण साधू यांनी केले. कमाई आपली, परंतु तिच्यावर सत्ता इतरांची; संसाराची ओढ अनावर, परंतु सुखाचा संसार दैवी नाही, ही व्यथा त्यांनी तेथे सांगितली. विशेष हे की, स्वतःचे दोषही त्यांनी झाकून ठेवले नाहीत. मद्यपानाचे व्यसनही मोकळेपणाने कबूल केले. दुसऱ्याच वर्षी, १९७१ साली, त्यांचे निधन झाले. या आत्मकथनाच्या आधारे श्याम बेनेगल यांनी १९७७ साली ‘भूमिका’ हा चित्रपट काढला, आणि त्यातील कामाबद्दल स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

श्रोतेहो, आपण पडद्यावरील सखूला हात जोडले, बयेला टाळ्या दिल्या. परंतु या दोघींना रूप देणाऱ्या रतनची विचारपूस कोणी केली? जिच्या श्रमावर घर चालते, तिला त्या घरात शब्द असावा, एवढेच तिचे मागणे होते. ते मागणे केवळ नटीचे नव्हे. शेतात, मासळीबाजारात, कचेरीत राबून घर पोसणाऱ्या प्रत्येक स्त्रीचे ते आहे. ‘सांगत्ये ऐका’ असे ती म्हणाली. ऐकण्याचे काम आपले आहे.