जुनं चित्रण : प्रत्यक्ष की शब्द?

न्यायदर्शन प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द अशी चार प्रमाणं मानतं, हे आपल्याला ठाऊक आहे. आज एक साधा प्रश्न घेऊ. माहितीपटात शंभर वर्षांपूर्वीचं चित्रण पाहून आपल्याला जे ज्ञान होतं, ते यांतल्या कोणत्या प्रमाणाचं? ‘डोळ्यांनी पाहिलं, म्हणजे प्रत्यक्ष’, असं उत्तर पटकन सुचतं. ते तपासून पाहू.

१९१६ साली ‘द बॅटल ऑफ द सोम’ हा चित्रपट ब्रिटनमध्ये दाखवला गेला. जेफ्री मॅलिन्स आणि जॉन मॅकडॉवेल यांनी फ्रान्समध्ये जाऊन केलेलं हे चित्रण. त्यात सैनिक खंदकातून वर चढतात, एक जण तिथेच कोसळून खाली घसरतो. हे दृश्य पुढे अनेक माहितीपटांत वापरलं गेलं. पण अभ्यासकांच्या मते ते लढाईतलं नाहीच. आघाडीच्या मागे मुद्दाम घडवून घेतलेलं आहे. कशावरून? खंदक उथळ आहे, काटेरी तारा नीट दिसत नाहीत, आणि कॅमेरा अशा उघड्या जागी आहे की खऱ्या गोळीबारात तिथे कोणी टिकलाच नसता. हे झालं अनुमान.

आता बघा, सैनिक होते, खंदक होता. डोळ्यांनी फसवलं नाही. ‘ही सोमची लढाई’ हे मात्र डोळ्यांनी नव्हे, सोबतच्या मजकुराने सांगितलं. म्हणजे ते शब्द! आणि शब्द प्रमाण ठरतो तो सांगणारा आप्त, म्हणजे जाणकार आणि खरं सांगणारा असेल तरच.

चित्रपटाच्या पडद्यामागे हा आप्त कोण? संग्रहालयात डबा उघडून नोंद करणारा माणूस. फिल्मच्या कडेला कारखान्याची खूण असते. तिच्यावरून फिल्म कधी बनली ते कळतं, चित्रण कधी झालं ते नाही. शिवाय प्रत काढताना मूळ फिल्मची खूणही कधी कधी नव्या प्रतीवर उमटते. म्हणून तो गणवेश, इमारती, छायाचित्रकाराच्या नोंदी ताडून पाहतो आणि मगच तारीख लिहितो.

पीटर जॅक्सन यांनी २०१८ साली इम्पीरियल वॉर म्युझियमच्या संग्रहातून ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’ केला. तेव्हाचे कॅमेरे हाताने फिरवायचे, वेग कमी-जास्त व्हायचा. तो त्यांनी सारखा केला. रंग भरले. ओठांच्या हालचाली वाचणाऱ्यांकडून शब्द ओळखून घेतले आणि नटांकडून ते बोलवून घेतले. समोरासमोरच्या झुंजीचं चित्रण मात्र नव्हतंच. तिथे त्यांनी त्या काळातल्या मासिकांतली रेखाचित्रं वापरली. रेखाचित्र ‘मी चित्र आहे’ हे लपवत नाही. भरलेला रंग ते स्वतःहून सांगत नाही, ते कोणीतरी सांगावं लागतं.

आज तुकडे मोबाइलवर फिरतात आणि डब्यावरची नोंद मागेच राहते. तेव्हा पुढच्या वेळी जुनं चित्रण पाहाल, तेव्हा एवढं विचारा : हे अमुक ठिकाणचं, अमुक सालचं, असं मला कोण सांगतंय, आणि त्याला ते कसं कळलं?

आता तुमचे प्रश्न घेऊ.