भाची सून करून घेताना

मे महिना लागला की आम्हां रत्नागिरीकरांच्या घरी पाहुण्यांची रीघ लागते. आंबे खायचे, भाट्याच्या किनाऱ्यावर पाय भिजवायचे आणि एक संध्याकाळ थिबा पॅलेससाठी राखून ठेवायची, हा ठरलेला कार्यक्रम. वाडा दाखवताना मी पाहुण्या बायकांना एक गोष्ट हमखास सांगते. ब्रह्मदेशाचा राजा थिबा १८७८ साली गादीवर बसला. १८८५ मध्ये इंग्रजांनी त्याचे राज्य घेतले आणि पुढच्या वर्षी त्याला इथे आणून ठेवले. १९१० मध्ये हा वाडा त्याच्यासाठी तयार झाला आणि १९१६ मध्ये रत्नागिरीतच तो वारला. त्याच्याबरोबर आलेली राणी सुपयालत ही त्याची सावत्र बहीण होती. बाप एक, आया दोन. ब्रह्मदेशाच्या राजघराण्यात तशी चालच होती.

“अगबाई! बहिणीशी लग्न?” पाहुण्या तोंडाला पदर लावतात. मला आता त्याची सवय झाली आहे.

गेल्या उन्हाळ्यात माझ्या एक चुलत नणंदबाई कोल्हापूरहून आल्या होत्या. त्यांनीही तसाच पदर लावला. रात्री जेवणं आटोपल्यावर आम्ही दोघी फणसाचे गरे काढत बसलो, तेव्हा त्या हळूच म्हणाल्या, “वहिनी, आमच्या थोरल्यासाठी भाऊची मुलगी करून घ्यायचं मनात आहे. आपली भाची, डोळ्यांसमोर वाढलेली. परकी आणून तिची मर्जी सांभाळण्यापेक्षा हे काय वाईट?”

मी म्हटलं, “वन्सं, दुपारी तुम्ही त्या राणीला नावं ठेवलीत, आठवतं ना?”

“इश्श! ते कुठे, हे कुठे?”

तेच तर तुम्हांला सांगायचे आहे. हे आणि ते यांत अंतर आहे, पण तुम्हांला वाटते तितके नाही.

असे समजा, की आपल्या शरीरात सुमारे वीस हजार कुलपे आहेत आणि बहुतेक प्रत्येक कुलपाच्या दोन किल्ल्या आपल्याजवळ आहेत. एक आईकडून आलेली, एक वडिलांकडून. एखादी किल्ली मोडकी निघाली तरी दुसरीवर काम भागते, म्हणून आपल्याला पत्ताही लागत नाही. अशा मोडक्या किल्ल्या तुमच्याजवळ आहेत, माझ्याजवळही आहेत. अगदी निरोगी माणसाजवळही असतात. घोटाळा होतो तो एकाच कुलपाच्या दोन्ही किल्ल्या मोडक्या आल्या तरच. परक्या घरातला जोडीदार असला तर त्याची मोडकी किल्ली बहुधा दुसऱ्याच कुलपाची असते. पण नवरा-बायकोचे आजोबा एकच असले, तर आजोबांची तीच एक मोडकी किल्ली दोन्ही वाटांनी खाली येऊन नातवंडांच्या पोटच्या मुलाच्या हातात जोडीने पडू शकते.

आता हिशेब पाहा. आतेभाऊ-मामेबहिणीच्या मुलाच्या बाबतीत, सरासरीने सोळांपैकी एका कुलपाच्या दोन्ही किल्ल्या अशा एकाच पूर्वजाच्या एकाच किल्लीवरून आलेल्या असतात. सावत्र बहीण-भावाच्या मुलाच्या बाबतीत हे प्रमाण आठांत एक. म्हणजे थिबा राजाच्या मुली आणि आमच्या वन्संची होणारी नातवंडे यांच्यात फरक दुपटीचा, बस्स! आणि मामाने सख्ख्या भाचीशी लग्न करायची जी चाल कर्नाटकात, आंध्रात, तमिळनाडूत आहे, तिचे प्रमाणही नेमके आठांत एक. त्याला मात्र कोणी ‘अगबाई’ म्हणत नाही.

आपण महाराष्ट्रात मधल्या उंबरठ्यावर आहोत. उत्तरेत मामेबहीण ही बहीणच, दक्षिणेत ती हक्काची नवरी. इरावती कर्वे यांनी १९५३ च्या आपल्या नातेसंबंधांवरच्या ग्रंथात हे फार छान उलगडले आहे. आपल्याकडे अनेक जातींत मामाची मुलगी चालते, मामाशी लग्न मात्र चालत नाही. १९५५ चा हिंदू विवाह कायदाही बहीण-भावांच्या मुलांचे लग्न निषिद्ध नात्यात धरतो, पण तशी रूढी असेल तर मुभा देतो.

मग भीती किती बाळगायची? कुठल्याही शंभर बाळंतपणांत दोन-तीन मुले काही गंभीर जन्मजात दोष घेऊन येतात. आते-मामे भावंडांच्या लग्नात त्यात आणखी दोन-तीनांची भर पडते. म्हणजे शंभरांतली नव्वदहून अधिक मुले धडधाकटच असतात. म्हणूनच प्रत्येकीला चार उदाहरणे ठाऊक असतात, “आमच्या काकूंचं बघा, काही झालं नाही.” खरेच आहे ते. डार्विनचे नाव तुम्ही ऐकले असेल. त्याने १८३९ मध्ये आपल्या मामेबहिणीशी, एमाशी, लग्न केले. दहा मुले झाली, त्यांतली तीन लहानपणीच गेली. उरलेल्यांत तीन मुलगे नामवंत शास्त्रज्ञ निघाले. तरी आपल्या लग्नाचा मुलांच्या प्रकृतीवर परिणाम झाला की काय, ही शंका त्याच्या मनातून कधी गेली नाही. पुढे त्याने वर्षानुवर्षे रोपांवर प्रयोग केले, आणि स्वतःच्याच परागाने धरलेल्या बियांची रोपे बहुधा खुजी व अशक्त होतात, असे १८७६ च्या पुस्तकात मांडले.

खरी गोम एका लग्नात नाही, पिढ्यान्‌पिढ्या दार बंद ठेवण्यात आहे. स्पेनच्या हॅप्सबर्ग राजांनी राज्य घराबाहेर जाऊ नये म्हणून सुमारे दोनशे वर्षे चुलतबहिणी आणि भाच्या-पुतण्याच राण्या केल्या. शेवटचा राजा दुसरा चार्ल्स. त्याच्या बापाने सख्ख्या भाचीशी लग्न केले होते. पण मागची सारी नाती धरून हिशेब केला तर चार्ल्सचा आकडा चारांत एक इतका येतो, म्हणजे सख्ख्या बहीण-भावाच्या मुलाएवढा! जन्मभर आजारी, दोन लग्ने करून निपुत्रिक, आणि १७०० साली तो गेला तेव्हा ती शाखाच खुंटली.

राजेरजवाड्यांचे सोडा. आमच्याकडे वाडीत कोंबड्या पाळणाऱ्या बायका हे शाळेत न जाता ओळखून असतात. घरचाच कोंबडा, घरच्याच तलंगा असे चालत राहिले, की उबवायला ठेवलेल्या अंड्यांतून पिल्ले कमी निघतात आणि निघालेली नीट जगत नाहीत. मग शेजारच्या वाडीतून कोंबडा बदलून आणतात. बोकडाचेही तेच. कळप जेवढा लहान, तेवढे हे लवकर घडते, कारण फिरून फिरून तीच ती नाती जुळतात.

आता तुम्ही म्हणाल, “आमच्यात नात्यात देतच नाहीत, आम्ही सुटलो.” तसेही नाही बरे का! पोटजात लहान, सोयरीक ठरावीक चार गावांत, हे शेकडो वर्षे चालले की मुलगा-मुलगी कागदावर परकी असतात, पण किल्ल्या एकाच जुडग्यातल्या. हैदराबादच्या सी.सी.एम.बी. संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी परदेशी सहकाऱ्यांबरोबर २०१७ मध्ये दक्षिण आशियातल्या २६३ समाजगटांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांतल्या ८१ गटांत मूळ पूर्वज इतके थोडे आढळले, की जगात या बाबतीत नेहमी ज्यांचे नाव घेतात ते युरोपातले ज्यू आणि फिनलंडचे लोकही मागे पडले. यांतले काही गट तर दहा लाखांहून मोठे आहेत. मूठभर घरांतून वाढलेला समाज कितीही मोठा झाला तरी किल्ल्या त्याच मुठीतल्या राहतात.

याचे अगदी आपल्या घराजवळचे उदाहरण आहे ते एका रक्तगटाचे. १९५२ मध्ये डॉ. भेंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुंबईत तो शोधला, म्हणून जगभर त्याला ‘बॉम्बे’ रक्तगट म्हणतात. आई आणि वडील दोघांकडून तीच एक किल्ली मोडकी आली तरच तो होतो. युरोपात दहा लाखांत एखादा, आपल्या देशात सुमारे दहा हजारांत एक. आणि महाराष्ट्र, कर्नाटक, आंध्र या पट्ट्यात तो जास्त आढळतो. १९८१ पर्यंत आमच्याच जिल्ह्याचा भाग असलेल्या सिंधुदुर्गात सापडलेल्या अशा माणसांच्या जनुकांचा अभ्यास मुंबईच्या राष्ट्रीय इम्युनोहिमॅटॉलॉजी संस्थेने केला आहे. हा गट म्हणजे आजार नव्हे, माणूस ठणठणीत असतो. पण नेहमीच्या साध्या तपासणीत तो ‘ओ’ म्हणून दिसतो आणि ‘ओ’चे रक्त त्याला चालत नाही, बॉम्बे गटाचेच लागते. बाळंतपणात रक्तस्राव सुरू झाला आणि त्या घटकेला हे कळले, तर घरच्यांचे काय होत असेल! म्हणून ‘ओ’ गटाच्या बाईचे रक्त जुळत नाही असे रक्तपेढीने सांगितले तर ते हलक्यावर घेऊ नये, आणि असा गट निघालाच तर तिच्या सख्ख्या भावंडांचेही रक्त तपासून ठेवावे. प्रत्येक भावंडाचा गट तोच असण्याचा संभव चारांत एक असतो.

वन्संना मी त्या रात्री ‘नको’ म्हटले नाही. तो माझा अधिकारही नव्हता. एवढेच म्हटले, की पत्रिका दाखवण्याआधी माहेरच्या सगळ्यांत म्हाताऱ्या बाईजवळ तासभर बसा. कोणाचे मूल वर्षाच्या आत गेले, कोणी जन्मतः बहिरे होते का, मंदबुद्धी होते का, कोणाला सारखे रक्त द्यावे लागत होते का, आणि त्या घरात याआधी किती लग्ने नात्यात झाली, हे सारे विचारा. आपल्या बायकांना हे आठवत असते, पण ‘देवाची इच्छा’ म्हणून झाकून ठेवलेले असते. त्याशिवाय दोघांची थॅलेसेमियासाठी रक्ततपासणी करा. ती तर नात्यात लग्न असो वा नसो, प्रत्येक जोडप्याने करावीच. दोघेही वाहक निघाले तर दर बाळंतपणाला आजारी मूल होण्याचा धोका चारांत एक. घरात आधीच काही सापडले, तर मोठ्या इस्पितळांत जनुकीय सल्ला देणारे डॉक्टर असतात, त्यांना गाठा. आणि ज्यांचे असे लग्न होऊन गेले आहे त्यांनी मन खाऊ नये. गरोदरपणीच डॉक्टरांना नाते मोकळेपणी सांगावे आणि बाळाचे कान पहिल्या महिन्यातच तपासून घ्यावेत.

थिबाच्या चार मुली मोठ्या झाल्या, हेही सांगायला हवे. थोरलीचा जीव वाड्यावरच्या गोपाळ सावंत या नोकरावर जडला. राणीचा केवढा संताप! त्या दोघांची मुलगी टूटू हिचे लग्न रत्नागिरीतच झाले, मुलाबाळांनी घर भरले, आणि २००० साली ती इथेच वारली. ब्रह्मदेशाच्या राजघराण्याने घराबाहेर जाऊ न दिलेले रक्त शेवटी आमच्या गावात मोकळे झाले.

दिवाळीनंतर वन्संचा फोन आला. त्यांच्या नव्वदीच्या मोठ्या आत्याबाईंनी सांगितले, की आजोबांच्या घरात दोन मुलगे जन्मतः मुकेबहिरे होते. एक लहानपणीच गेला, दुसऱ्याला गावी ठेवले होते. वन्संना स्वतःला यातले काही ठाऊक नव्हते. भाऊंना वाईट वाटले, दोन दिवस ते बोलले नाहीत. मग भाचीच म्हणाली, “आत्या, आधी दाखवून तर येऊ.” पुण्याच्या डॉक्टरांची वेळ घेतली आहे. मुलगा, मुलगी आणि दोघांचे आईवडील असे सहाजण जाणार आहेत.