सापाची मावशी

कुंपणाआतले शेजारी : भाग ६

पहिल्या पावसानंतर दोन-तीन दिवसांत तळमजल्यावरच्या घरांत एक प्रसंग हमखास घडतो. न्हाणीघराच्या जाळीपाशी किंवा जिन्याखाली पेन्सिलीएवढं, तपकिरी, तुकतुकीत काहीतरी वळवळताना दिसतं. ‘सापाचं पिल्लू!’ अशी ओरड होते आणि झाडू येतो. डोंबिवलीत आमच्या इमारतीत मी खाली पोहोचेपर्यंत झाडूचं काम झालं होतं. वाकून पाहिलं, तर त्या पिल्लाला चार इवलेसे पाय होते.

ती सापसुरळी. आपल्याकडे तिला सापाची मावशी म्हणतात आणि या नात्यानेच तिचा घात केला आहे. मावशी दिसली की मागून साप येतो, ती चावली की विष चढतं, असं लहानपणापासून ऐकवलं जातं. प्रत्यक्षात माणसाला बाधेल असं विष तिच्यात नाही. आपल्याकडच्या कुठल्याही पालीत किंवा सरड्यातही नाही. सापाच्या गोष्टीत तथ्य असलंच तर एवढंच, की कवड्यासारखे साप सापसुरळ्या खातात.

गेल्या भागातली पाल आठवा : मऊ कातडी, पापण्या नाहीत, म्हणून जिभेने डोळे पुसणारी. सापसुरळीचे खवले मंगलोरी कौलांसारखे एकावर एक बसलेले असतात आणि त्यांच्या आत हाडाच्या पातळ चकत्या असतात. तिला पापण्या आहेत, कानाची छिद्रंही आहेत. सापाला यातलं काहीच नसतं. पाय गवतात दडले असतील तर डोळ्यांकडे पाहा. डोळा मिटला, तर तो साप नव्हे.

आपल्या भागात तिचे दोन ढंग दिसतात. जाडजूड, कांस्य रंगाची, डोळ्यामागून कुशीवर फिकट पट्टा गेलेली ती युट्रोपिस कॅरिनाटा. तिच्या पाठीच्या प्रत्येक खवल्यावर बारीक कंगोरे असतात. तिची धाकटी जातबहीण युट्रोपिस मॅक्युलॅरिया; विणीच्या काळात तिच्या नराचा गळा नारिंगी होतो. दुसरा ढंग रिओपांचा : अंग लांबट, खवले गुळगुळीत, पाय जेमतेम. झाडूखाली येतात त्या बहुतेक याच. रिओपा पंक्टाटाच्या पिल्लांची शेपटी लालभडक असते.

परदेशी छायाचित्रांशी ताडून पाहणाऱ्यांसाठी एक खुलासा. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या बागांत ‘ॲलिगेटर लिझर्ड’ दिसतात. तेही असेच चिलखती आणि आखूड पायांचे. पण त्यांच्या कुशीवरून कातडीची एक घडी जाते. पोट भरलं की कडक चिलखताला तिथून फुगायला वाव मिळतो. आपल्या सापसुरळीला ही घडी नसते. त्या कुळातला भारतातला प्राणी पाहायचा तर दार्जिलिंग-मेघालयाकडे जावं लागेल. तिथल्या काचसरड्याला पायच नाहीत.

सापसुरळीला हवा असतो पाचोळा. येऊरच्या पानगळीच्या जंगलात सकाळी नऊच्या सुमारास उन्हाच्या कवडशांपाशी स्तब्ध उभं राहावं. कोरड्या सागपानांखाली खसखस होते, थांबते आणि एक चकाकती पाठ ऊन खायला वर येते. मलंगगडाच्या पायथ्याच्या झाडीतही हाच अनुभव येतो. शहरात तिला पाचोळा मिळतो तो जुन्या बंगल्यांच्या आवारांत, बिनगिलाव्याच्या दगडी कुंपणांत, विटांच्या ढिगाखाली. रिओपा तर भुसभुशीत मातीतच राहतात. पावसाने मातीतल्या भेगा भरल्या की नाइलाजाने वर येतात. आवारात कडेपर्यंत पेव्हर ब्लॉक बसवले की त्यांना मातीत परतायची वाटच उरत नाही. झाडांखालचा पाचोळा रोज झाडून जाळणं ही स्वच्छता मला मुळीच पटत नाही. त्यात झुरळं, कोळी, नाकतोडे वाढतात आणि तेच तर तिचं अन्न आहे.

घरात आली तर सुपलीत घ्या, वर कागद धरा आणि कुंपणाच्या कडेला पानांत सोडा. शेपटीला मात्र धरू नका. शेपटीच्या मणक्यांतच मोडायच्या जागा ठरलेल्या असतात. तिथून ती तुटते आणि शत्रूपुढे वळवळत राहते, तेवढ्यात सापसुरळी निसटते. नवी शेपटी येते, पण आत मणके नसतात, कूर्चेची एक कांडी असते. शेपटीत साठवलेली चरबी गेलेली असते, ती पुन्हा साठवावी लागते. आमच्या कुंपणापाशी आखूड, मळकट शेपटीची एक सापसुरळी सध्या रोज सकाळी ऊन खाताना दिसते.