विश्वाच्या गतीतील हिसका : ‘स्टेटफाइंडर’ या संज्ञेचा अर्थ व वापर

विज्ञानातील काही संज्ञा अभ्यासकांच्या वर्तुळाबाहेर कधीच पडत नाहीत, तर काही संज्ञा अर्थ समजण्यापूर्वीच घरोघरी पोहोचतात. ‘कृष्ण ऊर्जा’ ही दुसऱ्या प्रकारची संज्ञा होय. वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांतून ती सर्वांच्या परिचयाची झाली आहे. आणि घरातील ‘नकारात्मक ऊर्जा’ दूर करून देण्याचा व्यवसाय करणाऱ्यांनीही ती आपल्या बोलण्यात घेतली आहे. उलट याच विषयातील ‘स्टेटफाइंडर’ ही संज्ञा आपल्या राज्यात, पुणे येथे, जन्माला आली असूनही ती ऐकलेले शिक्षक क्वचितच आढळतील. वस्तुतः पहिल्या संज्ञेने जो गोंधळ निर्माण केला आहे, तो दूर करण्यास दुसरी संज्ञा चांगलीच उपयोगी पडते. म्हणून या लेखात तिचा अर्थ थोड्या विस्ताराने सांगण्याचे योजिले आहे.

विश्व प्रसरण पावत आहे, म्हणजे दीर्घिका परस्परांपासून दूर जात आहेत, हे एडविन हबल यांच्या १९२९ मधील निरीक्षणांपासून मान्य झाले. वर फेकलेला चेंडू जसा पृथ्वीच्या ओढीने मंदावत जातो, तसे हे प्रसरणही सर्व द्रव्याच्या परस्पर आकर्षणामुळे मंदावत असले पाहिजे, अशी त्यानंतरच्या सुमारे सत्तर वर्षांतील बहुतेक शास्त्रज्ञांची समजूत होती. ते किती मंदावते हे मोजण्यासाठी दोन स्वतंत्र गटांनी अतिदूरच्या विशिष्ट प्रकारच्या स्फोटक ताऱ्यांची तेजस्विता मोजली. १९९८ मध्ये त्यांचे निष्कर्ष पुढे आले ते अगदी उलटे. तारे अपेक्षेपेक्षा फिकट, म्हणजेच अधिक दूर होते. प्रसरण मंदावत नसून त्याचा वेग वाढत होता. या कार्याबद्दल सॉल पर्लमटर, ब्रायन श्मिट आणि अॅडम रीस यांना २०११ चे नोबेल पारितोषिक देण्यात आले.

वेग कशामुळे वाढतो हे कोणासही ठाऊक नव्हते. तथापि नाव मात्र लगेच मिळाले. अमेरिकन शास्त्रज्ञ मायकेल टर्नर यांनी १९९८ मध्येच ‘डार्क एनर्जी’ हा शब्दप्रयोग रूढ केला आणि मराठीत त्याचे ‘कृष्ण ऊर्जा’ झाले. येथे भाषेची एक अडचण आहे. ‘कृष्णविवर’ या शब्दात ‘कृष्ण’ म्हणजे खरोखरच काळे, ज्यातून प्रकाश बाहेर पडत नाही असे. ‘कृष्ण ऊर्जे’तील ‘कृष्ण’ मात्र रंगाचा वाचक नाही. ही ऊर्जा प्रकाश देत नाही, शोषून घेत नाही, अडवतही नाही. तिला ‘काळी’ म्हणण्याऐवजी ‘अज्ञात’ म्हटले असते तर ते अधिक प्रामाणिक झाले असते. ‘ऊर्जा’ हा शब्दही वाचकाला वीज, इंधन किंवा शरीरातील जोम यांच्याकडे नेतो. विश्वातील एकूण ऊर्जेपैकी सुमारे ६८ टक्के वाटा हिचा मानला जातो. पण ती सर्वत्र इतकी विरळ पसरलेली आहे की, मुंबई उपनगर जिल्ह्याची सगळी जमीन घेतली आणि तीवरील एक किलोमीटर उंचीपर्यंतची सगळी जागा मोजली, तरी त्या जागेतील कृष्ण ऊर्जा वस्तुमानाच्या मापात एका ग्रॅमच्या एक लाख कोटी भागांपैकी सुमारे तीन भाग एवढीच भरेल. संपूर्ण पृथ्वीच्या आकारमानातही ती सहा-सात मिलिग्रॅमच्या पुढे जात नाही. घरातील वस्तूंची दिशा बदलून तिच्यावर परिणाम घडवू पाहणाऱ्यांनी हा हिशेब अवश्य करून पाहावा.

या अज्ञात गोष्टीचे वर्णन करण्यासाठी शास्त्रज्ञ बहुधा ‘अवस्था-समीकरणा’चा आधार घेतात. पदार्थाचा दाब आणि त्याची ऊर्जा-घनता यांचे गुणोत्तर असे त्याचे स्वरूप असते. आईनस्टाईन यांनी १९१७ मध्ये आपल्या समीकरणांत घातलेला विश्वस्थिरांक हेच वेगवाढीचे कारण असेल, तर हे गुणोत्तर सदैव उणे एक राहते. ते उणे एकाहून वेगळे, किंवा काळाबरोबर बदलणारे निघाले, तर कारण दुसरे काही तरी आहे असे मानावे लागते. ही पद्धत सोयीची आहे, परंतु तिच्यात एक गृहीत दडलेले आहे. दाब आणि घनता असलेली कोणती तरी वस्तू आहे, हे आधीच मान्य केल्याखेरीज हे गुणोत्तर लिहिताच येत नाही. समजा, अशी वस्तूच नसेल आणि फार मोठ्या अंतरांवर गुरुत्वाकर्षणाचा नियमच निराळा असेल, तर? आरोपीचे नाव आधी लिहून मग पंचनामा करण्यासारखा हा प्रकार होतो.

पुण्यातील आंतरविद्यापीठीय खगोलशास्त्र आणि खगोलभौतिकी केंद्र, म्हणजे ‘आयुका’, येथील वरुण साहनी यांनी तरुणदीप सैनी, उज्जयिनी आलम आणि मॉस्को येथील अलेक्सी स्टारोबिन्स्की यांच्यासह २००३ मध्ये जो शोधनिबंध प्रसिद्ध केला, त्याचा रोख या अडचणीवर होता. कारणाविषयी काहीही गृहीत न धरता केवळ विश्वाच्या गतीवरून निदान करता येईल काय, असा तो प्रश्न. त्यासाठी त्यांनी दोन संख्यांची एक जोडी सुचविली. या जोडीला त्यांनी ‘स्टेटफाइंडर’ असे नाव दिले. मराठीत ‘स्थितिशोधक’ असे म्हणता येईल. मात्र हे एखादे यंत्र आहे असा समज होण्याचा संभव असल्याने प्रस्तुत लेखात मूळ शब्दच ठेवला आहे.

जोडीतील पहिल्या संख्येचा अर्थ मुंबईच्या उपनगरांत राहणाऱ्यास पुस्तकाशिवाय समजण्यासारखा आहे. अंधेरीहून बोरिवलीकडे निघालेल्या लोकलचा विचार करावा. गाडी अंधेरीपासून किती दूर आली हे पहिले मोजमाप. विश्वाच्या बाबतीत त्याच्या जागी दीर्घिकांमधील अंतरांचे प्रमाण येते. ते अंतर किती झपाट्याने वाढते, तो वेग. विश्वाच्या बाबतीत हबल यांचे नाव असलेला प्रसरणाचा दर. वेग वाढतो आहे की घटतो आहे, ते त्वरण. विश्वशास्त्रात त्यासाठी मंदनांक वापरतात. प्रसरण मंदावत असेल तर मंदनांक धन असतो, वेग वाढत असेल तर ऋण. शाळेतील भौतिकशास्त्र बहुधा येथे थांबते. डब्यात उभ्या असलेल्या प्रवाशाचा अनुभव मात्र येथे थांबत नाही. गाडी एकसारख्या जोमाने वेग घेत असेल, तर तो किंचित पुढे कलून स्वस्थ उभा राहतो. मोटरमन हँडल सरकवतो आणि तो जोम एकदम वाढतो किंवा कमी होतो, तेव्हा प्रवाशाचा हात आपोआप कडीकडे जातो. त्वरणातील बदलाचा हा जो दर, त्यालाच आपण हिसका म्हणतो. भौतिकशास्त्रातही इंग्रजीत या राशीला ‘जर्क’ म्हणजे हिसका असाच शब्द आहे. स्टेटफाइंडरमधील पहिली संख्या, जिला ‘आर’ हे अक्षर दिलेले आहे, ती म्हणजे विश्वाच्या प्रसरणातील हा हिसका, प्रसरणाच्या दराच्या घनाशी तुलना करून मांडलेला.

हिसक्याची गरज का पडावी? गोरेगावजवळ शेजारच्या दोन रुळांवरून दोन गाड्या बरोबरीने धावत आहेत अशी कल्पना करावी. दोघींचा वेग तोच, वेग वाढण्याचा जोमही त्या क्षणी तोच. परंतु एक जलद गाडी आहे, तिला थेट बोरिवली गाठायची असल्याने तिचा मोटरमन जोम वाढवीत आहे. दुसरी धीमी आहे, पुढे मालाड येणार म्हणून तिचा मोटरमन जोम कमी करू लागला आहे. वेग आणि त्वरण एवढेच मोजणाऱ्या निरीक्षकाला या दोन्ही गाड्या सारख्याच वाटतील. हिसका मोजणाऱ्याला त्या त्याच क्षणी वेगळ्या दिसतील, आणि त्यासाठी त्याला मोटरमनच्या केबिनमध्ये डोकावण्याची गरज पडणार नाही. वेगवाढीची निरनिराळी स्पष्टीकरणे देणारी अनेक प्रतिमाने आज तोच प्रसरणाचा दर आणि तोच मंदनांक सांगतात. ती वेगळी पडतात ती या तिसऱ्या पायरीवर. अर्थात दाखला फार ताणू नये. विश्वाला अंधेरी नाही, बोरिवलीही नाही. ते आधीच पडलेल्या मोकळ्या जागेत पुढे सरकत नसून अंतरेच वाढत आहेत.

स्टेटफाइंडरचे खरे महत्त्व आता सांगावयाचे आहे. विश्वात सामान्य गतीचे द्रव्य आणि खरोखर न बदलणारा विश्वस्थिरांक एवढेच असेल, आणि अवकाश सपाट असेल, तर ‘आर’चे मूल्य नेमके एक येते, आणि ते केवळ आजच नव्हे, तर द्रव्याचे प्राबल्य सुरू झाल्यापासून पुढे सर्व काळ एकच राहते. या अवधीत मंदनांक अधिक अर्ध्यापासून उणे एकाकडे सरकत जातो. आज तो सुमारे उणे ०.५५ आहे. प्रसरण आधी मंदावत होते, सुमारे सहाशे कोटी वर्षांपूर्वी ते वेग घेऊ लागले. एवढी उलथापालथ होऊनही ‘आर’ जागचा हलत नाही. जोडीतील दुसरी संख्या ‘एस’. ‘आर’मधून एक वजा करावा, मंदनांकातून अर्धा वजा करून जी संख्या येईल तिची तिप्पट करावी आणि पहिल्या उत्तराला दुसऱ्याने भागावे, म्हणजे ‘एस’ मिळतो. विश्वस्थिरांक असेल तर तो शून्य. म्हणून आलेखावर विश्वस्थिरांकाचे विश्व म्हणजे एक स्थिर बिंदू होय : ‘आर’ एक, ‘एस’ शून्य. इतर प्रतिमाने आलेखावर वाकड्या रेषा काढतात. ज्यात ही ऊर्जा काळाबरोबर हळूहळू क्षीण होते, अशा ‘क्विंटेसन्स’ गटातील नेहमीच्या प्रतिमानांच्या रेषा ‘आर’ एकाहून कमी आणि ‘एस’ शून्याहून अधिक असलेल्या भागात पडतात. काहींच्या त्याच्या विरुद्ध बाजूस पडतात. क्विंटेसन्स म्हणजे पाचवे तत्त्व. ग्रीकांच्या चार महाभूतांपलीकडील पाचवे. आपल्या पंचमहाभूतांतील आकाशाची आठवण येणे स्वाभाविक असले, तरी दोहोंचा संबंध नावापुरताच आहे.

तेव्हा संज्ञेच्या वापराविषयी एवढे ध्यानात ठेवावे की, ‘विश्वात स्टेटफाइंडर सापडला’ असे म्हणता येणार नाही, कारण तो पदार्थ नव्हे. ‘अमुक प्रतिमानाचा स्टेटफाइंडर’ किंवा ‘निरीक्षणांवरून काढलेला स्टेटफाइंडर’ असा प्रयोग बरोबर होय. आणि ‘आर’ एक आला म्हणजे विश्वस्थिरांक सिद्ध झाला असेही नाही. तो नाकारण्याचे कारण मिळाले नाही, इतकेच.

याच संस्थेचे संस्थापक संचालक डॉ. जयंत नारळीकर यांची भूमिका मात्र निराळी होती, हे येथे नमूद करणे उचित होईल. फ्रेड हॉईल यांच्यासह त्यांनी मांडलेल्या सिद्धांतात ऋण ऊर्जेच्या क्षेत्राला १९६० च्या दशकातच स्थान होते, आणि स्थिर-स्थिती विश्वाचे प्रसरण हे वेगवाढीचेच प्रसरण असते. दूरचे स्फोटक तारे फिकट दिसतात याचे एक कारण आंतरदीर्घिकीय धूळ असू शकेल, असे त्यांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००० मध्ये मांडले. हे मत बहुसंख्य शास्त्रज्ञांनी स्वीकारले नाही. परंतु एकाच छपराखाली संचालक कृष्ण ऊर्जेविषयी साशंक असावेत आणि त्यांचे सहकारी तिच्या परीक्षणाची साधने तयार करीत असावेत, ही गोष्ट एखाद्या संस्थेविषयी पुष्कळ काही सांगून जाते. डॉ. नारळीकर यांचे २० मे २०२५ रोजी पुणे येथे निधन झाले.

स्टेटफाइंडरची उणीवही आहे. स्थानकावरील नोंदवहीत गाड्यांच्या वेळा पूर्ण मिनिटांत लिहिल्या असतील, तर त्यावरून सरासरी वेग बरा निघेल, त्वरण ढोबळ निघेल आणि हिसका जवळजवळ हरवूनच जाईल. प्रत्येक पायरीवर मोजमापातील चूक वाढत जाते. विश्वशास्त्रातील अंतरे आज याच अवस्थेत आहेत. हे ओळखून साहनी यांनी अर्मान शफीलू व स्टारोबिन्स्की यांच्यासह २००८ मध्ये ‘ओम’ नावाची दुसरी कसोटी सुचविली. तिला केवळ प्रसरणाचा दर पुरतो, पुढच्या पायऱ्यांची गरज नाही. निरनिराळ्या काळांसाठी ‘ओम’चे मूल्य तेच आले तर विश्वस्थिरांक, बदलले तर दुसरे काही. २०१४ मध्ये त्याच तिघांनी तोवर उपलब्ध झालेल्या मोजमापांना याच धर्तीची कसोटी लावून विश्वस्थिरांकाशी विसंगती दिसते, असे दाखविले होते. अमेरिकेतील अॅरिझोना राज्यात किट पीक येथील दुर्बिणीवर चालणाऱ्या ‘डेसी’ या सर्वेक्षणाने मार्च २०२५ मध्ये सुमारे दीड कोटी दीर्घिका व क्वेसार यांच्या नोंदींवरून काढलेले निष्कर्ष प्रसिद्ध केले. इतर निरीक्षणांशी ते जोडले असता कृष्ण ऊर्जा स्थिर नसून क्षीण होत असावी, असा संकेत मिळतो. शोध म्हणून मान्यता मिळण्यास जी खात्रीची पातळी लागते, ती अद्याप गाठलेली नाही. संकेत खरा ठरल्यास प्रसरणाची वेगवाढ कायम राहील, हे पाठ्यपुस्तकातील विधान बदलावे लागेल. म्हणून शिक्षकांनी ते आजच ‘विश्वस्थिरांक खरा असेल तर’ अशा अटीसह शिकविणे बरे. उपनगर जिल्ह्यात मानखुर्द येथे असलेल्या होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्राने ऑगस्ट २०२५ मध्ये मुंबईत आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्र व खगोलभौतिकी ऑलिंपियाड भरविली होती. तिच्या तयारीला बसणारे विद्यार्थी हा प्रश्न विचारल्याशिवाय राहत नाहीत.

अंतरे मोजण्याचा आणखी एक मार्ग आपल्या राज्यातूनच जाणार आहे. हिंगोली जिल्ह्यातील औंढा नागनाथ तालुक्यात ‘लायगो-इंडिया’ ही गुरुत्वीय लहरींची वेधशाळा उभारण्यास केंद्रीय मंत्रिमंडळाने एप्रिल २०२३ मध्ये सुमारे २,६०० कोटी रुपयांची मंजुरी दिली. तिला प्रत्येकी चार किलोमीटर लांबीच्या दोन भुजा असतील. दोन न्यूट्रॉन तारे एकमेकांवर आदळतात तेव्हा निघणाऱ्या लहरींवरून त्यांचे अंतर थेट काढता येते. ताऱ्याच्या तेजस्वितेवर वा मधल्या धुळीवर विसंबावे लागत नाही. १७ ऑगस्ट २०१७ रोजी अशी पहिली टक्कर नोंदली गेली, ती सुमारे १३ कोटी प्रकाशवर्षांवरची होती, आणि तिच्यावरून प्रसरणाचा दर काढण्यात आला. हिसका मोजण्यासाठी याहून पुष्कळ दूरच्या अशा अनेक टकरींची नोंद हाती यावी लागेल.